हिरड्यांत न सापडलेला आजार

सोमवार, ३ फेब्रुवारी

आजपासून डायरी. कारण मी मुळात अबोल माणूस. मनातलं मनात ठेवतो. ते साठतं, आणि त्याने म्हणे ब्लडप्रेशर वाढतं. तेव्हा रोज चार ओळी, जास्त नाही. शब्द इंजेक्शनसारखे असावेत. लागतील तेवढेच, आणि हळू. (वाक्य झकास जमलं. उद्या पेशंटना सांगायचं.)

सकाळी क्लिनिकला प्रोफेसर आले. भाषाशास्त्र शिकवायचे, आता रिटायर्ड, एकटे राहतात. खालची उजवी दाढ, रूट कॅनल, पहिलं सिटिंग. इंजेक्शन दिलं. जबडा बधिर होईपर्यंत त्यांना धीर यावा म्हणून दोन शब्द बोललो. दाढ म्हणजे काय, अक्कलदाढ उशिरा का येते, आमच्या कॉलेजातला सांगाडा, त्या सांगाड्याचा हरवलेला जबडा, तो कुणी पळवला असावा. एवढ्यात इंजेक्शन उतरलं! हल्ली औषधात दम म्हणून राहिलेला नाही. दुसरं द्यावं लागलं. कंपनीला खरमरीत पत्र लिहिणार.

दुसऱ्या इंजेक्शननंतर ओठ लोंबतोय, जीभ जड, अशा अवस्थेत प्रोफेसर एकच शब्द बोलले. लॉगोरिया. मी म्हटलं, काय? ते परत म्हणाले, लॉ-गो-रि-या. आणि बोट माझ्याकडे. मी त्यांना सांगितलं की तुम्हाला पायोरिया म्हणायचंय, आणि तो तुम्हाला औषधालाही नाही, हिरड्या विशीतल्या पोरासारख्या आहेत. त्यांनी डोळे मिटून घेतले. समाधानाने.

चार ओळींच्या वर झालं. पहिला दिवस म्हणून चालेल.

मंगळवार, ४ फेब्रुवारी

शब्द डोक्यातून जाईना. हिरड्यांच्या आजारांची सगळी पुस्तकं काढली. लॉगोरिया कुठेच नाही. नवीन निघाला असणार. आपण मागे पडता कामा नये.

डेंटल कॉलेजात वर्गमित्र आहे, तिथला मोठा माणूस. त्याला फोन केला. फार छान गप्पा झाल्या. मध्येच त्याला म्हणे अर्जंट ऑपरेशन आलं. दात उपटण्याला हल्ली ऑपरेशन म्हणतात वाटतं. मूळ प्रश्न विचारायचा राहिलाच. परत लावला, एंगेज. संध्याकाळपर्यंत एंगेज. मोठ्या माणसांचं असंच.

मग विचार आला, बोट माझ्याकडे का? माझ्या तोंडात त्यांना काही दिसलं? पण मला तर मास्क असतो. तरी आरशात हिरड्या तपासल्या. नंतर सिस्टरना दाखवल्या. सिस्टर माझ्याकडे कित्येक वर्षं आहेत, कामात लक्ष लागावं म्हणून कानात इअरफोन घालतात. एक काढून त्यांनी नीट बघितलं आणि म्हणाल्या, सर, जरा तोंड बंद करा. बंद तोंडात काय दिसणार, असं मी विचारणार होतो. त्या म्हणाल्या, झालं, कळलं मला. हुशार बाई आहे.

बुधवार, ५ फेब्रुवारी

जेवताना हिला सांगितलं. नेमकं हिच्या तोंडात पाणी होतं. टेबलक्लॉथ बदलावा लागला. यात हसण्यासारखं काय, असं विचारलं तर ही उठून आत गेली आणि बराच वेळ बाहेर आली नाही.

कन्येने फोनवर शोधून दिलं. (कन्या नुकतीच डेंटिस्ट झाली. माझाच वारसा.) शब्द खरा आहे, इंग्रजी आहे. दोन ग्रीक तुकडे जोडून केलेला. पहिल्याचा अर्थ शब्द, दुसऱ्याचा वाहणं. पायोरियातलं शेपूट तेच. पायोरिया म्हणजे पू वाहणं. डायरिया म्हणजे... तेवढ्यात ही आतून ओरडली, जेवताना नको. तर लॉगोरिया म्हणजे शब्दांची हगवण, असं कन्या म्हणाली. डॉक्टर झालेल्या मुलीच्या तोंडी हे शोभत नाही, असं मी तिला जरा सविस्तर समजावलं.

मग दोघी माझ्याकडे बघत बसल्या. मीही विचारात. आणि एकदम लख्ख प्रकाश पडला. बिचारे प्रोफेसर! एकटा जीव. आयुष्यभर वर्गात बोलले, आता ऐकायला भिंती. आत सगळं तुंबलेलं. ते माझ्याकडे बोट दाखवून सांगत होते, डॉक्टर, मला हा आजार आहे, वाचवा. किती विश्वासाने! आणि मी आपला हिरड्या बघत बसलो.

कन्या म्हणाली, बाबा, मला एक सांगायचंय. मी म्हटलं, सांग ना, पण आधी हे ऐक. नंतर ती झोपायला गेली. राहिलं.

शुक्रवार, ७ फेब्रुवारी

प्रोफेसर, दुसरं सिटिंग. ठरवलं होतं की त्यांना संकोच वाटू द्यायचा नाही. दाढेभोवती रबराचा पडदा लावला, लाळ ओढायची नळी लावली आणि स्पष्टच सांगितलं, सर, लाजू नका. तुम्हाला काय होतंय ते मला समजलंय. बोलणं वाईट नाही, अति वाईट. माझंच उदाहरण घ्या. मग माझं उदाहरण दिलं. ते जरा लांबलं.

प्रोफेसरांनी हाताने कागद मागितला. त्यावर लिहिलं, तुम्ही. एवढंच. वाक्य अर्धवट. पेन खाली ठेवलं. थकले असतील, वय आहे. पुढचं मी ओळखलं. तुम्ही फार समजूतदार आहात. मी म्हटलं, सर, ते माझं कर्तव्यच आहे. त्यांनी कागद परत मागितला आणि त्या एका शब्दाखाली दोन रेघा मारल्या. गहिवरून आलं.

इंजेक्शन पुन्हा उतरलं. कंपनीचं नाव काळ्या यादीत टाकायला हवं.

रविवार, ९ फेब्रुवारी

सुट्टी. शब्दाचा अभ्यास. इंग्रजांकडे याचे भाऊबंद बरेच आहेत. लोक्वेशस, हा लॅटिनमधल्या बोलणे या क्रियापदावरून. गॅरुलस, हाही लॅटिनच, पण बोलण्याऐवजी वटवट करणे. ज्याला जे लागू पडेल ते त्याने घ्यावं.

मग आपले शब्द काढले. टकळी. चऱ्हाट. गुऱ्हाळ. पट्टा. आणि डोळे उघडले! टकळीवर सूत निघतं. चऱ्हाट म्हणजे दोर, विहिरीतून पाणी काढायला उपयोगी. गुऱ्हाळातून गूळ मिळतो. म्हणजे आपल्या पूर्वजांना बोलणारा माणूस कामाचा वाटे. शेवटी काहीतरी पदरात पडायचं. ग्रीकांनी त्याचा रोग केला. हा विचार माझ्याआधी कुणाला सुचला असेल असं वाटत नाही. हिला सांगितला. ही म्हणाली, गूळ कुठे आहे?

हिला भाषेची आवड नाही.

मंगळवार, ११ फेब्रुवारी

नवा बोर्ड करायला टाकला. माझं नाव, खाली कन्येचं, खाली आमच्या परंपरेविषयी थोडा मजकूर. पेंटरने कागद वाचला आणि विचारलं, बोर्ड हवाय की भिंत?

आनंदाने घरी आलो तर कन्येने सांगितलं की ती समोर जॉइन झाली. समोर म्हणजे आमच्याच रस्त्यावर, बरोबर समोर, ते नवं क्लिनिक. चालवणाऱ्याचं नाव मी मौनीबाबा ठेवलंय. तरुण आहे, हाताला बरा आहे म्हणतात, पण तोंडात मूग धरून बसतो. (दातांच्या दृष्टीनेही वाईट सवय.) त्याच्याकडे गर्दी असते. एसीमुळे. माझ्याकडे गर्दी नसते, त्यामुळे पेशंटला ताटकळावं लागत नाही. लोकांना हा फरक कळत नाही.

मी विचारलं, घरचं क्लिनिक असताना समोर का? कन्या म्हणाली, बाबा, तुमचे पेशंट आता आमच्याकडे येतात, आणि दात दुखतो म्हणून नाही, कान दुखतो म्हणून. मी म्हटलं, मग कानाच्या डॉक्टरकडे जायला सांग. तिने कपाळाला हात लावला.

माझा अंदाज, ती हेरगिरीला गेली आहे. बापासाठी. बोलून दाखवत नाही एवढंच. गुणाची पोर.

गुरुवार, १३ फेब्रुवारी

अंदाज थोडा चुकला. कन्या म्हणाली, तुमच्याकडे यायला मी तयार आहे, एका अटीवर. एक दिवस खुर्चीजवळ फक्त कामापुरतं बोलून दाखवा. उघडा, मिटा, चूळ भरा, दुखतंय का, झालं. बास.

मी मोठ्यांदा हसलो. ज्या माणसाने आयुष्यभर मोजून मापून शब्द वापरले त्याची ही परीक्षा! ताबडतोब मान्य केलं. सोमवार ठरला. सिस्टर साक्षीदार. सिस्टरनी त्या दिवशी इअरफोन घालायचे नाहीत, असंही ठरलं. त्या जरा घाबरल्यासारख्या वाटल्या.

सोमवार, १७ फेब्रुवारी

सकाळी साडेनऊ. पहिल्या बाई. मी म्हटलं, उघडा. एवढंच. बाई दचकल्या. नेहमीच्या आहेत, सवय नाही. त्यांचा गैरसमज होऊ नये, डॉक्टर रागावलेत असं वाटू नये, म्हणून आज मी कमी का बोलतोय ते थोडक्यात सांगितलं. थोडक्यात म्हणजे कन्येची अट, तिचा स्वभाव, त्याला जबाबदार हिचं माहेर, आणि ग्रीक शब्दाचे दोन तुकडे. हे खुलासे होते. खुलासा म्हणजे बोलणं नव्हे.

साडेअकरा. एक शिंपी. कवळीचं माप घ्यायचं होतं. साच्यात मसाला भरून तोंडात बसवला आणि गप्प उभा राहिलो. अगदी गप्प. मग मनात आलं, हा मापं घेणारा माणूस, याला शब्दांचंही माप असतं हे सांगितलं तर आवडेल. आवडलं. त्याचे डोळे विस्फारले, हातवारे करून दाद देत होता. सिस्टर मध्येच ओरडल्या, सर, मसाला! मसाला दगडासारखा झाला होता. काढायला दोघांनी जोर लावला. हल्लीचा मसालाही भेसळीचा.

दुपारी चार. एक पोलीस. किडलेला दात. इंजेक्शन दिलं. याच्याशी एक शब्द बोललो नाही. शपथेवर सांगतो. सिस्टरशी बोललो. त्या अटीत नव्हत्या. इंजेक्शन उतरलं. पोलीस एवढ्यांदा ओरडला की वेटिंग रूममधले दोघे निघून गेले.

संध्याकाळी कन्येने सिस्टरना निकाल विचारला. त्यांनी इअरफोन घातले आणि घरी गेल्या.

एकंदरीत पास. काठावर, पण पास. कन्येचं मत वेगळं आहे. परीक्षक कडक असले की असंच होतं.

बुधवार, १९ फेब्रुवारी

कालपासून माझीच दाढ. वरची डावी, शेवटची. आधी वाटलं गार पाण्याने. मग वाटलं टेन्शनने. रात्रीतून गाल सुजला. स्वतःच स्वतःचा एक्स-रे काढला. काढावी लागणार.

कुणाकडे काढायची? वर्गमित्राचा फोन अजून एंगेज. ही म्हणाली, समोर जा. मी म्हटलं, मेलो तरी जाणार नाही. दुपारी दुखणं कानापर्यंत आलं. ही म्हणाली, गाल बघवत नाही तुमचा, जा आता. मी म्हटलं, विचार करतो. ठणका असा की वाक्य पुरं होईना.

उद्या जाणार. तिथली यंत्रसामग्री बघता येईल, हा मुख्य हेतू.

गुरुवार, २० फेब्रुवारी

गेलो. मौनीबाबाने मान हलवून नमस्कार केला, खुर्ची दाखवली. एक्स-रे बघितला. मी त्याला केसची माहिती द्यायला तोंड उघडलं, आणि तेच त्याला हवं होतं. इंजेक्शन दिलं, गालात कापूस भरला, ओठाला हुक लावला आणि कन्येला खूण करून बाहेर गेला. दाढ माझी कन्याच काढणार!

आणि कन्या बोलायला लागली.

काय बोलते! वीस वर्षांचं धरण फुटावं तसं. म्हणाली, बाबा, आता तुम्हाला ऐकावंच लागेल. मी आँ केलं. ती म्हणाली, हलू नका. मग म्हणाली, मी हे तुम्हाला आजोळी जाताना गाडीत सांगितलं, तेव्हा तुम्ही टायरमधल्या हवेबद्दल बोलत होतात. माझ्या रिझल्टच्या दिवशी सांगितलं, तेव्हा तुम्ही तुमच्या रिझल्टची गोष्ट सांगितलीत. त्या लॉगोरियाच्या रात्री सांगायला आले, तेव्हा प्रोफेसर मध्ये आले. तर ऐका. मला याच्याशी लग्न करायचंय. आईला सगळं माहीत आहे.

याच्याशी म्हणजे मौनीबाबाशी! मी उठायला बघितलं. खुर्ची पार आडवी केलेली होती. माझ्याच क्लिनिकमध्ये मी पेशंटना अशी आडवी करतो. उठता येत नाही. हे मला ठाऊक नव्हतं.

मी नजरेने विचारलं, याच्यात काय आहे? तिला कळलं. म्हणाली, तो ऐकतो. माझं वाक्य संपेपर्यंत ऐकतो, आणि संपल्यावरही जरा थांबतो. आणखी काही राहिलं असेल तर.

मग बराच वेळ दाढेशी झटत होती. हात चांगला आहे. मध्येच हळू आवाजात म्हणाली, मला तुमच्याचकडे काम करायचं होतं हो बाबा. लहानपणी शाळेतून येऊन तुमच्या वेटिंग रूममध्ये झोपायचे मी. आतून तुमचा आवाज यायचा. एकदा लाइट गेले, सगळीकडे अंधार, तरी घाबरले नाही. तुमचा आवाज चालूच होता.

डोळ्यांत पाणी आलं. त्यांच्याकडचा दिवा फार प्रखर आहे. समोरच्याने डोळ्यांचाही विचार करायला हवा.

दाढ निघाली. मला आशीर्वाद द्यायचा होता. शिवाय थोडे मुद्दे होते. तोंडातून आलं, ऊं आँ. कन्या म्हणाली, थँक यू बाबा.

इंजेक्शन शेवटपर्यंत टिकलं. कोणत्या कंपनीचं ते विचारायचं राहिलं.

शुक्रवार, २१ फेब्रुवारी

बोलायचं नाही, असा कन्येचा हुकूम. टाका आहे. माझे पेशंट आज तिनेच बघितले. जेवायच्या सुट्टीच्या आत सगळे संपले म्हणे, घाईने उरकले असणार. प्रोफेसरांच्या दाढेवर कॅपही बसवली. प्रोफेसर जाताना तिच्याशी हात मिळवून गेले आणि माझ्या तब्येतीची चौकशी केली. बोलायला बंदी आहे ऐकून म्हणाले, सावकाश बरे होऊ द्या, घाई करू नका. प्रेमळ माणूस.

दिवसभर घरात पडून. एक लक्षात आलं, ही पुष्कळ बोलते. शेजारणीचा पाय, गच्चीवरची टाकी, हिच्या भावाची नोकरी गेली होती ती परत लागली. मला यातलं काही माहीत नव्हतं. भावाची नोकरी मागच्या वर्षी गेली होती.

संध्याकाळी मौनीबाबा घरी आला. रीतसर भेटायला. माझ्यासमोर बसला. मी बोलू शकत नाही, तो बोलत नाही. दोघे बसलो. सरबत प्यायलो. तो खिडकीबाहेर बघे, मी पंख्याकडे. उठताना त्याने माझे दोन्ही हात हातात घेतले आणि म्हणाला, तुमच्याशी बोलून फार बरं वाटलं.

मुलगा चांगला आहे. माझी पारख कधी चुकत नाही.

रविवार, २ मार्च

टाका निघाला, आवाज परत आला. घरातल्या सगळ्यांनी मिळून नवी व्यवस्था ठरवली. कन्या सकाळी आपल्या क्लिनिकला, संध्याकाळी समोर. मी आता खुर्चीजवळ उभं राहून पाठ दुखवून घ्यायची नाही. माझ्यासाठी खास पद. वेटिंग रूममध्ये बसून पेशंटची भीती घालवायची. तिथे मला हवं तेवढं बोलायची मोकळीक. सुचवलं कन्येने, उचलून धरलं सिस्टरनी, आणि मौनीबाबाने चक्क टाळी वाजवली. माणसाचा अनुभव असा सत्कारणी लावणारी मुलं हल्ली कुठे मिळतात?

उद्यासाठी विषय काढून ठेवले. दुधाचे दात. मगरीचे दात. ग्रीक.

सोमवार, ३ मार्च

पहिला दिवस. अपेक्षेपेक्षा मोठं यश. गेली तीस वर्षं मी बघतोय, खुर्चीचं नाव काढलं की माणसं थरथरतात. आज? आज एकाच्याही चेहऱ्यावर भीती नव्हती. मी मगरीच्या दातांपाशी आलो तोवर एक गृहस्थ उठून सिस्टरना विचारायला लागले, माझा नंबर आधी लागेल का? अक्कलदाढ उपटायची होती त्यांना! दुसरे तर नंबर नसताना आत गेले आणि म्हणे आपणहून तोंड उघडून बसले. प्रोफेसर कॅप दाखवायला आले होते. मला बघितल्याबरोबर धावतच आत. या वयात! एक बाई नुसत्या नणंदेला सोबत म्हणून आलेल्या. दात एकही दुखत नव्हता. त्यासुद्धा आत जाऊन दोन दात भरून घेऊन आल्या.

दंतवैद्यकाच्या इतिहासात पेशंटची भीती इतकी समूळ कुणी घालवली नसेल. आधीच बाहेर बसायला हवं होतं.

संध्याकाळी सिस्टर गेल्या. वेटिंग रूम रिकामी. कन्येने दिवा मालवला, एप्रन काढला आणि समोर निघण्याऐवजी स्टूल ओढून माझ्यापुढे बसली. म्हणाली, बाबा, आज तिकडे उशिरा जाणार आहे, सांगून ठेवलंय. आता बोला. मी ऐकतेय.

मी तोंड उघडलं. तिने खरंच ऐकायची तयारी केलेली. हाताची घडी, नजर माझ्याकडे. मी जरा थांबलो. मगरीचं आठवलं, पण ते तिला माहीत असणार. ग्रीक तर तिनेच शोधून दिलं होतं. ती थांबली होती. मीही. रस्त्यावरून एक सायकल गेली.

शेवटी विचारलं, तू दमलीस का? ती म्हणाली, थोडी. मी म्हटलं, बरं.

मग बराच वेळ तसेच बसलो आणि तिने कुलूप लावलं.

घसा बसलेला असावा. आत्ता ही विचारत होती, आज गप्प का? उद्यापासून सकाळ-संध्याकाळ मिठाच्या पाण्याच्या गुळण्या.